ट्विचवर मॉडरेटरला स्ट्रीमची कॅटेगरी कशी बदलता येते?

घाईत असलेल्यांसाठी उत्तर आधीच देऊन टाकतो. ट्विचवर नुसत्या मॉडरेटरला स्ट्रीमची कॅटेगरी बदलता येत नाही. नावापुढे हिरव्या चौकोनातली पांढरी तलवार आली म्हणजे चॅनलच्या चाव्या हातात आल्या, असं नसतं. मॉडरेटरकडून हे काम करून घ्यायचं तर दोन रस्ते आहेत. एक, चॅनलच्या मालकाने त्याला एडिटरसुद्धा करायचं. दोन, चॅनलवर चॅटबॉट बसवायचा आणि मॉडरेटरने चॅटमध्ये आज्ञा लिहून बॉटकडून ते करून घ्यायचं. दोन्ही रस्ते फुकट आहेत आणि दोन्ही दहा मिनिटांत सुरू होतात. पण दोन्हींत विश्वासाचा प्रश्न वेगवेगळ्या ठिकाणी येतो. तो न समजता सेटिंग केलं की ऐन वेळी फजिती होते. आमची झाली आहे, ती पुढे सांगतो.

एवढ्याशा गोष्टीचं एवढं काय?

माझा धाकटा मावसभाऊ सांगलीहून दर शनिवारी रात्री स्ट्रीम करतो. मी पुण्यात बसून त्याचं चॅट सांभाळतो. त्याच्याकडे मॉनिटर एकच. गेम फुल स्क्रीनवर सुरू झाला की त्याला चॅटसुद्धा नीट दिसत नाही, डॅशबोर्ड तर दूरच. पहिला अर्धा तास तो नुसत्या गप्पा मारतो, तेव्हा कॅटेगरी असते ‘जस्ट चॅटिंग’. मग गेम सुरू होतो. आणि कॅटेगरी तशीच राहते, कारण ती बदलायची तर गेम बाजूला सारून ब्राउझर उघडावा लागतो आणि तेवढ्यात गेममध्ये तो मेलेला असतो.

आता कॅटेगरी चुकीची राहिली तर बिघडतं काय? पहिली गोष्ट, नवीन प्रेक्षक सापडत नाहीत. ट्विचवर बरेच लोक आधी गेमचं पान उघडतात आणि तिथे सध्या कोण खेळतंय ते बघतात. तुम्ही त्या गेमच्या पानावर नसाल तर त्यांच्या दृष्टीने तुम्ही खेळतच नाही आहात. ‘जस्ट चॅटिंग’ ही प्रचंड गर्दीची कॅटेगरी. तिथे दहा-पंधरा प्रेक्षकांचं चॅनल यादीत इतकं खाली जातं की तिथपर्यंत कुणी स्क्रोल करत नाही. एखाद्या लहानशा गेमच्या पानावर मात्र तेच चॅनल पहिल्या ओळीत दिसू शकतं.

दुसरी गोष्ट, स्ट्रीम संपल्यावर जे रेकॉर्डिंग राहतं त्यात ट्विच कॅटेगरीप्रमाणे आपोआप प्रकरणं पाडतं. वेळेवर कॅटेगरी बदलली असेल तर नंतर बघणारा गप्पा ओलांडून थेट गेमवर उडी मारतो. तिसरी गोष्ट वयाच्या सूचनेची. प्रौढांसाठीचं मानांकन असलेला गेम कॅटेगरी म्हणून निवडला की तशी सूचना स्ट्रीमवर आपोआप लागते. मजकुराचं वर्गीकरण सांगणारी ही लेबलं जून २०२३ मध्ये आली. जुगार, शिवराळ भाषा, हिंसा वगैरे बाकीची लेबलं स्ट्रीमरने स्वतः निवडायची असतात. म्हणजे कॅटेगरी चुकली की ही आपोआप लागणारी सूचनाही चुकते. शिवाय जाणूनबुजून भलतीच कॅटेगरी लावून गर्दी ओढणं ट्विचच्या नियमांत बसत नाही.

चौथी गोष्ट म्हणजे ड्रॉप्स. गेम कंपन्या ट्विचवर मोहीम चालवतात: अमुक गेमची स्ट्रीम ठराविक वेळ बघा आणि गेममधलं बक्षीस मिळवा. ही वेळ मोजली जाते ती स्ट्रीम त्या गेमच्या कॅटेगरीत असेल तरच. पडद्यावर गेम चालू आहे, पण कॅटेगरी दुसरीच आहे, तर बघणाऱ्याचं मीटर पुढे सरकत नाही. हे लक्षात ठेवा, आमच्या गोष्टीत याचा संबंध आहे.

मॉडरेटर वेगळा, एडिटर वेगळा

गणेशोत्सवाच्या मंडपात रांग सांभाळणारा कार्यकर्ता असतो ना, मॉडरेटर म्हणजे तो. कोण धक्काबुक्की करतंय, कुणाला बाहेर काढायचं, कुणाला दहा मिनिटं बाजूला उभं करायचं, हे सगळे अधिकार त्याच्याकडे. पण मंडपाबाहेरचा फलक बदलायचा अधिकार त्याला नाही, ते मंडळाच्या पदाधिकाऱ्याचं काम. ट्विचवर त्या पदाधिकाऱ्याला एडिटर म्हणतात.

एडिटरला स्ट्रीमचं टायटल, कॅटेगरी आणि टॅग बदलता येतात, जाहिरात लावता येते, व्हिडिओंच्या विभागात काम करता येतं. स्ट्रीम की आणि पैसे कुठल्या खात्यात जातात ती व्यवस्था मालकाकडेच राहते. एक गंमत अशी की एडिटर झालं म्हणून कुणी आपोआप मॉडरेटर होत नाही. त्याला चॅटमध्ये कुणाला टाइमआउट देता येत नाही. दोन्ही कामं एकाच माणसाकडून हवी असतील तर दोन्ही पदं वेगवेगळी द्यावी लागतात.

पद द्यायची पद्धत सोपी आहे. चॅनलच्या मालकाने क्रिएटर डॅशबोर्ड उघडायचा, डावीकडच्या यादीत ‘कम्युनिटी’खाली ‘रोल्स मॅनेजर’ असतं तिथे जायचं, तुमचं युजरनेम शोधायचं आणि एडिटर निवडायचं. मग तुम्ही तुमच्या स्वतःच्या खात्याने लॉगिन करून त्याच्या चॅनलच्या स्ट्रीम मॅनेजरमध्ये जाऊ शकता. सरळ पत्ता टाइप करणं मला सोपं वाटतं: ‘डॅशबोर्ड डॉट ट्विच डॉट टीव्ही’, मग तिरकी रेघ आणि ‘यू’ हे एकच अक्षर, मग तिरकी रेघ आणि चॅनलचं नाव, शेवटी तिरकी रेघ आणि ‘स्ट्रीम-मॅनेजर’ (सगळं अर्थातच इंग्रजी अक्षरांत). हा पत्ता बुकमार्क करून ठेवा. तिथे ‘एडिट स्ट्रीम इन्फो’ दिसेल. त्यात कॅटेगरीच्या चौकटीत नाव टाइप करा, खाली येणाऱ्या यादीतून निवडा आणि सेव्ह करा. यादीतून निवडणं महत्त्वाचं, कारण नुसतं नाव लिहून चालत नाही.

‘पासवर्डच दे, मी तुझ्या खात्यातून बदलतो’ हा तिसरा रस्ता काही लोक वापरतात. मी त्याच्या ठाम विरोधात आहे. पासवर्ड दिला की स्ट्रीम की, पैसे, सगळंच दिलं. एडिटरचं पद एका क्लिकमध्ये काढून घेता येतं. पासवर्ड मात्र चार जणांच्या व्हॉट्सअॅपवर फिरून आलेला असतो, तो कुठे कुठे पोचलाय ते कुणालाच माहीत नसतं.

बॉटचा रस्ता

एडिटर करणं दोन-तीन जवळच्या माणसांसाठी ठीक. पण सहा-सात मॉडरेटर असतील आणि त्यांतले निम्मे फक्त चॅटवरूनच ओळखीचे असतील, तर सगळ्यांना व्हिडिओंच्या विभागापर्यंत प्रवेश कशाला द्यायचा? तिथे बॉट बरा. त्यांना फक्त कॅटेगरी आणि टायटल बदलायची सोय मिळते, बाकी काही नाही.

नाइटबॉटमध्ये त्यासाठी ‘!गेम’ ही तयार आज्ञा आहे. नुसती ‘!गेम’ लिहिली तर बॉट सध्याची कॅटेगरी सांगतो. पुढे नाव लिहिलं, म्हणजे ‘!गेम माइनक्राफ्ट’, तर कॅटेगरी बदलतो. टायटलसाठी ‘!टायटल’. स्ट्रीमएलिमेंट्सच्या बॉटमध्ये याच कामाला ‘!सेटगेम’ आणि ‘!सेटटायटल’ आहेत. मी इथे देवनागरीत लिहितोय, टाइप करताना इंग्रजी अक्षरं वापरायची. उद्गारचिन्ह आणि आज्ञा यांच्यामध्ये जागा सोडायची नाही.

बसवायचं काम मालकाने करायचं. बॉटच्या साइटवर आपल्या ट्विच खात्याने लॉगिन करायचं, परवानगीचं पान येईल ते वाचून मंजुरी द्यायची, बॉटला चॅनलवर बोलवायचं आणि चॅटमध्ये त्याला मॉडरेटर करायचं. मग बॉटच्या डॅशबोर्डमध्ये तयार आज्ञांची यादी असते, तिथे ही आज्ञा चालू आहे ना आणि कमीत कमी कुठल्या पातळीच्या माणसाला चालते, हे तपासायचं. पातळी ‘मॉडरेटर’ ठेवा. कुणी उत्साहाच्या भरात ती ‘सगळ्यांना’ केली, तर अर्ध्या तासात तुमची स्ट्रीम कुठल्या कॅटेगरीत गेलेली असेल ते चॅटमधली शाळकरी पोरं ठरवतील. स्ट्रीमएलिमेंट्समध्ये मॉडरेटरच्या वर ‘सुपर मॉडरेटर’ अशीही एक पातळी आहे. मॉडरेटर बरेच असतील आणि त्यांतल्या दोघांनाच ही सोय द्यायची असेल तर ती वापरा.

आता मुळात बॉटला हे जमतं कसं ते समजून घेऊ, कारण पुढची सगळी दुखणी इथूनच निघतात. परवानगीच्या पानावर मालकाने मंजुरी दिली की ट्विच बॉटला एक टोकन देतं. हे टोकन म्हणजे मालकाचं मुखत्यारपत्र समजा. मुखत्यारपत्र असलेला कारकून जसा मालकाच्या नावाने सही करतो, तसा बॉट मालकाच्या नावाने कॅटेगरी बदलतो. तुम्ही आज्ञा लिहिता तेव्हा ट्विच तुम्हाला विचारतच नाही. तुम्ही मॉडरेटर आहात का हे बॉट तपासतो, आणि ट्विचच्या लेखी तो बदल मालकानेच केलेला असतो. चॅनलची माहिती बदलण्याचा ट्विचचा सध्याचा जो एपीआय आहे त्याची अटच अशी आहे की टोकन त्या चॅनलच्या मालकाचंच हवं. जुना एपीआय २८ फेब्रुवारी २०२२ ला बंद झाला. त्यामुळे त्याआधीचे ट्युटोरियल व्हिडिओ बघून कुणी धडपडत असेल तर ते सोडून द्या, त्यातल्या पायऱ्या आता लागू पडत नाहीत.

यातून दोन गोष्टी निघतात. बॉटला मॉडरेटर करणं आणि बॉटला कॅटेगरी बदलायची परवानगी देणं या अगदी वेगळ्या बाबी आहेत. बॉट चॅटमध्ये छान बोलतोय, लिंक टाकणाऱ्यांना हाकलतोय, पण कॅटेगरी बदलत नाही, असं होऊ शकतं. आणि हे मुखत्यारपत्र रद्द झालं तर ते नव्याने करून देणं फक्त मालकाच्या हातात असतं. मॉडरेटर कितीही जुना असो, त्याला तिथे काही करता येत नाही.

नावांचा घोळ

रोजच्या वापरात सगळ्यात जास्त चुका नावांत होतात. ट्विचवरच्या गेमच्या कॅटेगरी आयजीडीबी नावाच्या गेमच्या डेटाबेसवर चालतात. ट्विचने ती कंपनी २०१९ मध्ये विकत घेतली. तिथे गेमची जशी नोंद असेल तसं नाव. आपण तोंडी वापरतो ती नावं बऱ्याचदा वेगळी असतात. ‘पबजी’ म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे मोबाइल येतो, ट्विचवर मात्र पीसीवरचा पबजी आणि मोबाइलचा पबजी या दोन वेगळ्या कॅटेगरी आहेत. ‘जीटीए’च्या तर एवढ्या आवृत्त्या आहेत की नुसतं ‘जीटीए’ लिहून बॉटने नेमकी हवी तीच उचलावी ही अपेक्षा धरणं चूक. बॉटला अर्धवट नाव दिलं की तो एक तर ‘सापडलं नाही’ म्हणतो, नाही तर जवळचं वाटेल ते लावून मोकळा होतो. दुसरं जास्त वाईट, कारण काम झालं असं समजून आपण निवांत बसतो.

म्हणून माझी सवय अशी: आज्ञा दिली की बॉटच्या उत्तरातलं नाव वाचायचं, मग चॅनलच्या पानावर प्लेयरखाली तेच नाव दिसतंय का बघायचं. दिसत नसेल तर पान एकदा रिफ्रेश करायचं. चॅनलवर नेहमी खेळले जाणारे पाच-सहा गेम असतील तर त्यांची अचूक नावं एका नोटमध्ये कॉपी करून ठेवावीत. मी ती मोबाइलमध्ये ठेवली आहेत.

गेम अगदीच नवा किंवा कुणा होतकरू डेव्हलपरचा असेल आणि कॅटेगरी सापडतच नसेल, तर तो आयजीडीबीमध्ये नोंदवावा लागतो. तोपर्यंत ‘गेम्स प्लस डेमोज’ वापरता येते. गेम नसेल तर स्वयंपाकासाठी, प्रवासासाठी, संगीतासाठी, चित्रकलेसाठी वेगळ्या कॅटेगरी आहेत. पूर्वी यांतलं बरंच काही ‘आयआरएल’ नावाच्या एकाच गाठोड्यात होतं. ते २०१८ मध्ये मोडलं आणि ‘जस्ट चॅटिंग’सकट वेगवेगळे भाग झाले.

आणि हो, कॅटेगरी बदलली म्हणजे टायटल बदलत नाही. खाली गेमचं नाव आणि वर ‘चला गप्पा मारूया’ असं दृश्य मी कितीतरी चॅनलांवर बघतो. दोन्ही आज्ञा पाठोपाठ द्यायची सवय लावून घ्या. टॅगही एकदा बघा. दहापर्यंत टॅग लावता येतात आणि जुन्या गेमचे टॅग तसेच चिकटून राहतात.

आमची फजिती

त्या शनिवारी ड्रॉप्सची मोहीम होती. भावाने चार दिवस आधीपासून सांगून ठेवलं होतं, त्यामुळे एरवी दहा-बारा जण असतात तिथे चाळीसच्या आसपास मंडळी जमली होती. त्याच दिवशी दुपारी मी त्याला फोनवर झापलं होतं. त्याचा ट्विचचा पासवर्ड तीन वर्षं तोच होता आणि तोच आणखी दोन ठिकाणी वापरला होता. ‘बदल आत्ताच्या आत्ता,’ म्हटलं. त्याने गुपचूप बदलला. मला बरं वाटलं.

रात्री गेम सुरू झाला. मी नेहमीसारखी आज्ञा टाकली आणि चहा करायला उठलो. परत आलो तोवर चॅटमध्ये तक्रारी सुरू. एकाने लिहिलं, ‘मीटर हलत नाहीये.’ मी म्हटलं, थोडा वेळ लागतो. पाच मिनिटांनी आणखी तिघं. तेव्हा कुठे मी वर जाऊन बॉटचं उत्तर वाचलं. बदल करता आला नाही, असं तो सांगत होता. मी चारदा आज्ञा दिली, चारही वेळा तेच. दुसऱ्या मॉडरेटरने देऊन बघितली, तेच.

कारण मला दुसऱ्या दिवशी कळलं. ट्विचचा पासवर्ड बदलला की आधी दिलेली टोकनं बाद होतात. सुरक्षेच्या दृष्टीने ते बरोबरच आहे. पण बॉटकडे असलेलं मुखत्यारपत्र मी स्वतःच दुपारी रद्द करवून घेतलं होतं. कुणाच्या नावाने बोटं मोडायची सोय नव्हती.

भावाला फोन केला तर मोबाइल सायलेंटवर, मेसेज तो बघत नव्हता. शेवटी मावशीला फोन लावला. ‘मावशी, त्याच्या खोलीत जा आणि सांग, कॅटेगरी बदल.’ मावशी म्हणाली, ‘काय बदल?’ मी अक्षरं फोडून सांगितलं. स्ट्रीमवर दार उघडल्याचा आवाज आला, मग मावशीचा: ‘अरे, दादाचा फोन आहे, कॅटरिंगचं काहीतरी विचारतोय.’ चॅट हसून बेजार. पण तोवर पाऊण तास गेला होता आणि ज्यांनी फक्त बक्षिसासाठी तो पाऊण तास दिला होता त्यांच्या मीटरवर शून्य होतं. दोघांनी तसं स्पष्ट लिहिलं आणि ते निघून गेले. ते पुन्हा आले नाहीत. चाळीसच्या चॅनलला दोन माणसं खूप असतात.

त्यानंतर भावाने मला एडिटर केलं. बॉटही ठेवला आहे, बाकीच्या मॉडरेटरांसाठी. एडिटरचं काम माझ्या स्वतःच्या लॉगिनवर चालतं, त्यामुळे बॉटचं टोकन बाद झालं तरी माझा रस्ता बंद होत नाही. तेव्हापासून माझ्या खात्यालाही टू-फॅक्टर लावलं आहे, कारण आता माझं खातं फुटलं तर त्याच्या चॅनलची माहितीही फुटणाऱ्याच्या हाती जाईल.

बॉट चालेनासा झाला तर मालकाने करायचं एवढंच: बॉटच्या साइटवरून लॉगआउट करून पुन्हा ट्विच खात्याने लॉगिन करायचं आणि परवानगीला पुन्हा मंजुरी द्यायची. दोन मिनिटांचं काम आहे. फक्त ते स्ट्रीमच्या आधी करायचं, म्हणून आम्ही दर शनिवारी सुरुवात व्हायच्या आधी आज्ञा एकदा चालवून बघतो. स्ट्रीम बंद असतानाही कॅटेगरी बदलता येते, त्यामुळे ही चाचणी कुणाला दिसतही नाही.

यूट्यूबवर काय?

आपल्याकडे यूट्यूबवर लाइव्ह करणारे जास्त, म्हणून थोडक्यात सांगतो. तिथेही लाइव्ह चॅटच्या मॉडरेटरचा अधिकार चॅटपुरताच. व्हिडिओची कॅटेगरी आणि गेमचं नाव यूट्यूब स्टुडिओमध्ये स्ट्रीमच्या तपशिलात असतं आणि तिथे हात लावायचा तर मालकाने चॅनलच्या परवानग्यांमधून मॅनेजर किंवा एडिटर करावं लागतं. वर सांगितलेल्या कॅटेगरीच्या बॉट-आज्ञा ट्विचसाठी आहेत, यूट्यूबवर त्या गृहीत धरू नका. तिथल्या लाइव्हला प्रेक्षक गेमच्या पानावरून कमी आणि शोधातून, शिफारशींतून जास्त येतात. त्यामुळे वेळ कमी असेल तर तिथे आधी टायटल आणि थंबनेल नीट करा, कॅटेगरी नंतर बघितली तरी चालेल.